तुझा आवाज मी परत घातला

विजू, तू गेलास म्हणून मी तुला सोडेन असं वाटलं असेल, तर तो तुझा भ्रम आहे. माणूस गेला की वैर संपतं म्हणतात. ज्यांचं वैर असतं त्यांना विचारून कुणी हे ठरवलेलं दिसत नाही. तुझ्या दहाव्याला मी रामकुंडावर आले होते. हात जोडले, तुझ्या बायकोच्या, सुजाताच्या पाठीवरून हात फिरवला, आणि मनातल्या मनात तुला शिव्या घालत उभी राहिले. गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये, असं तिथे मला दोघीजणींनी बजावलं. मी तर तोंडही उघडलं नव्हतं. चेहऱ्यावर दिसत असेल.

पेपरात तुझा फोटो छापून आला. 'प्रस्थापित विज्ञानाला प्रश्न विचारणारा निर्भीड माहितीपटकार.' निर्भीड! झुरळ दिसलं की एडिटिंगच्या खोलीत खुर्चीवर चढून बसायचास तू, आणि ते मी मारायचे. तुझं शिक्षण, तुझे पुरस्कार, तुझ्या सिनेमांची नावं, सगळं त्यांनी छापलंय. माझ्या ताईचं नाव कुठेच नाही. तुझ्या सगळ्यात गाजलेल्या सिनेमात सगळ्यात जास्त वेळ जी बाई दिसते, जिच्यामुळे लोकांनी तुझं पाणी घोटाघोटानं प्यायलं, ती आता माझ्या घरी आतल्या खोलीत बसून असते आणि मी आत गेले की आधी विचारते, "कोन, नंदा का?" पावलांवरून ओळखते. डोळ्यांनी ओळखता येत नाही तिला.

म्हणून मी लिहितेय. इतरांनी तुझी आरती केली, मला तुझा हिशेब चुकता करायचाय.

पण मी लबाडी करणार नाही. तू मला काय दिलंस तेही सांगते. पंचवटीत फोटो स्टुडिओच्या वरच्या खोलीत मी लग्नाचे व्हिडिओ जोडायचे. वरमाला पडली की पडद्यावर गुलाबाच्या पाकळ्या पाडायच्या, पाठवणीला सनई लावायची, संपलं काम. तू भाड्यानं मशीन वापरायला आलास आणि माझ्यामागे उभा राहून थोडा वेळ बघत होतास. मग म्हणालास, "पाकळ्या कसल्या पाडतेस? तुझा कान चांगला आहे. नवरीची आई मागं काय पुटपुटतेय ते तू ठेवलंयस, कळतंय का तुला?" मला कळलं नव्हतं. कुणी सांगितलंच नव्हतं तोपर्यंत की ऐकणं हेसुद्धा काम असतं.

मी तुझ्याबरोबर सिनेमे करायचे, हे बाबांना पसंत नव्हतं. तेव्हा ताई विंचूरहून आली आणि बाबांना म्हणाली, "जाऊ द्या तिला. मी हाये ना." आई गेल्यावर तिनंच मला वाढवलेलं, त्यामुळे तिचा शब्द घरात चालायचा. आणि तू? येवल्याकडून, मनमाडकडून शूटिंग आटोपून येताना तिच्याकडे हक्कानं गाडी वळवायचास. वांग्याचं भरीत आणि गरम भाकरी. "ताई, आणखी एक," म्हणत चुलीपाशीच बसायचास. ती तुला भाऊ म्हणायची. दिवाळीला तुला ओवाळायची, विजू.

पाणाड्याचा सिनेमा आपण केला, तो मला अजून आवडतो. तळहातावर नारळ आडवा ठेवून तो म्हातारा पेठच्या डोंगरात शेतातून चालायचा आणि जिथे नारळ उभा राहील तिथे पाणी. तुझा त्याच्यावर पूर्ण विश्वास. जमिनीतल्या विद्युतलहरी, हाडांतून जाणारं चुंबकत्व, काय काय सांगायचास. मी म्हणायचे, "अरे, त्या दरीत कुठेही खणलं तरी पाणी लागतं." तू म्हणायचास, "विज्ञानानं अजून नीट विचारलंच नाही, नंदे." रविवारची मिसळ थंड व्हायची, तर्री थिजायची, आणि आपण भांडत राहायचो. मला ती भांडणं फार आवडायची. आयुष्यात तितक्या बरोबरीनं माझ्याशी कुणीच भांडलं नाही.

पण त्या सिनेमात एक बोअर कोरडी निघाली होती. नुसती पांढरी भुकटी वर आली, आणि म्हातारा डोक्यावरची टोपी काढून म्हणाला, "कधी कधी नाय लागत साहेब. मला बी समजत नाय." तू ते ठेवलंस. मी काढू म्हणाले तर माझ्यावर ओरडलास. त्या भुकटीमुळेच लोकांचा तुझ्यावर विश्वास बसला. हा माणूस काही लपवत नाही, असं वाटलं सगळ्यांना. मलासुद्धा.

मग तुझ्या डोक्यात ते पाणी शिरलं. पाण्याला आठवण असते. तांब्याच्या भांड्यात ठेवून त्याच्यापाशी ठरावीक स्वर वाजवले की ते पाणी स्वर लक्षात ठेवतं, आणि पोटात गेलं की शरीराच्या बिघडलेल्या पेशींना शिकवतं. मधुमेह, संधिवात, सगळ्यावर चालतं. मी हसून विचारलं, "मग त्र्यंबकहून नाशिकपर्यंत येताना गोदावरीत जेवढी गटारं मिळतात, तेवढ्यांची आठवण ते बरं विसरतं?" तू हसला नाहीस. ते पहिल्यांदाच झालं. त्यानंतर इगतपुरीचे ते रेल्वेतून रिटायर झालेले गृहस्थ आले, ज्यांना पाणी पिऊन काहीच फरक पडला नव्हता आणि ते तसं स्पष्ट बोलले होते. तू म्हणालास, त्यांना काढ. मी म्हणाले, कोरडी बोअर ठेवली होती ना आपण? तर म्हणालास, "लोकांना गोंधळात टाकायचं नसतं, नंदा." नंदे नाही, नंदा. मी हेडफोन टेबलावर काढून ठेवले आणि जिना उतरले. तू हाक मारशील म्हणून खालच्या पानटपरीपाशी उगाच थांबले होते. नाही मारलीस.

सिनेमा आला तो मी फोनवर पाहिला. माझी ताई! मला न सांगता तू तिच्याकडे कॅमेरा घेऊन गेला होतास. अंगणात, मागे कांद्याची चाळ, ठेवणीतलं लुगडं नेसून ती बसलेली, आणि म्हणत होती, "हे पाणी सुरू केल्यापासून मला इंजेक्शनची गरज वाटत नाही."

मी तुला फोन केला. रोज सकाळ-संध्याकाळ ती पोटात इन्शुलिनची सुई टोचते, हे तुला माहीत होतं, तुझ्यासमोर टोचायची. तू शांतपणे म्हणालास, "मी एक शब्दही तिच्या तोंडात घातलेला नाही. ती स्वतःच्या तोंडानं बोललीय." ताईला विचारलं तर ती म्हणाली, "बोलले मी. भाऊ मागं लागला, बोलले." त्यापुढे ती काही सांगेना.

पुढे काय झालं ते तुला कुणी सांगितलं की नाही, मला माहीत नाही. तू विचारलं मात्र नाहीस. सिनेमा गावात मोठ्या पडद्यावर दाखवला. बायका ताईकडे यायला लागल्या. मालेगावहून, चांदवडहून, पाण्याच्या बाटल्या घेऊन. ताई, तुम्ही हात लावून द्या. हळदीकुंकवाला तिला पहिला मान. आयुष्यभर चूल आणि कांद्याची निवड केलेल्या बाईला लोक खुर्ची द्यायला लागले. आणि इंजेक्शनची बाटली फ्रिजमध्ये, दह्याच्या पातेल्यामागे. एक दिवस पाहुणी आलेली बाई दूध काढायला गेली आणि तिनं ती बाटली बघितली. "हे कुनाचं वं?" ताई म्हणाली, सासूबाईंचं राहिलंय. सासू जाऊन कितीतरी वर्षं झालेली. त्या दिवसापासून ताईनं सुई बंद केली. पाणी पीत राहिली. मला कळू दिलं नाही, दाजींना कळू दिलं नाही. डोळ्यांपुढे जाळी यायला लागली तेव्हाही म्हणाली, वय झालं. किडन्या गेल्यावर कळलं.

डॉक्टर रागावले, दाजी रागावले, म्हणाले, तूच तर बोलली होतीस सिनेमात! आणि ताई दर वेळी तेच म्हणायची, "माझंच तोंड जळो. मी खोटं बोलले, देवानं डोळे नेले." डायलिसिसच्या खुर्चीत बसून म्हणायची. मी किती समजावलं. पण तिच्या आवाजातलं ते वाक्य जगभर फिरत होतं.

आणि तू, महाराज? तुझ्या कॅमेऱ्याच्या बॅगेत, बॅटऱ्यांच्या कप्प्यात, बीपीच्या गोळ्यांची पाकिटं असायची. लोका सांगे ब्रह्मज्ञान. छातीत कळ आली तेव्हा तू तांब्या मागितला नाहीस. सुजाताचा फोन आला म्हणून मी धावत आले, तर तू स्ट्रेचरवर, घामानं भिजलेला. माझं मनगट धरलंस आणि विचारलंस, "नंदे, चांगल्या हॉस्पिटलमध्ये आणलंय ना मला?" किती दिवसांनी नंदे म्हणालास. मी म्हणाले, "हो रे, चांगलंय." तुझा हात गार पडला होता आणि मी तो दोन्ही हातांत धरून चोळत होते. मला तेव्हा तू जगायला हवा होतास. जगला असतास तर तुला ताईसमोर आणून बसवणार होते. तू त्यातूनही निसटलास.

दहाव्यानंतर सुजाता आली आणि तुझी हार्डडिस्क माझ्या हातात ठेवून म्हणाली, "माझ्याच्यानं हे बघवणार नाही. तुझ्याकडे राहू दे." त्याच आठवड्यात तुझ्या पाणीवाल्या मंडळाच्या अण्णांचा फोन. गंगापूर रोडच्या हॉलमध्ये श्रद्धांजली सभा आहे, सरांवर छोटी फिल्म करून द्या. आणि मग ते रडवेले होऊन म्हणाले, "पंचाईत अशी आहे की सरांचा आवाजच आमच्याकडे नाही. इतके सिनेमे, पण सर स्वतः कुठेच बोलत नाहीत. लोकांना एकदा त्यांचा आवाज ऐकायचाय हो."

मी म्हणाले, "आहे माझ्याकडे. भरपूर आहे."

आपल्या धंद्यातली रीत तुला मी सांगायला नको, पण हे वाचणाऱ्यांना सांगते. विचारणाऱ्याचा आवाज सिनेमात ठेवायचा नसला, की समोरच्या माणसाला म्हणायचं, माझा प्रश्न तुमच्या उत्तरात घेऊन बोला. गाव कोणतं विचारलं तर नुसतं 'विंचूर' नको, 'माझं गाव विंचूर' असं पूर्ण वाक्य बोला. मग प्रश्न कापून टाकता येतो, आणि माणूस आपणहून बोलतोय असं दिसतं. सगळेच असं करतात, त्यात पाप काही नाही. तुझे प्रश्न मी वर्षानुवर्षं कापले. ते सगळे साधे असायचे. ताईला काय विचारलंस ते कापायला मात्र मी तिथे नव्हते.

ते मी आता ऐकलं.

आधी चहाच्या कपाचा आवाज. मग तू, गोड आवाजात, "ताई, इंजेक्शनचं सांगा." ताई म्हणते, "इंजेक्शन तं चालूच हाये ना भाऊ. सकाळ-संध्याकाळ." तू म्हणतोस, "ते धरू नका. पाणी घेतल्यावर बरं वाटतं ना?" "वाटतं तसं. हुशारी वाटती." "मग असं बोला ताई, पूर्ण वाक्यात: हे पाणी सुरू केल्यापासून मला इंजेक्शनची गरज वाटत नाही." मागे ट्रॅक्टर जातो. "पन टोचते ना रे मी रोज. लोकं बंद करतील ना माझं ऐकून." आणि तू हसतोस. ते तुझं घशातलं हसू. "लोकांना तेवढी अक्कल असते ताई. माझ्यासाठी एवढं एक वाक्य बोला. नंदा सोडून गेली, तुम्ही तरी साथ द्या." मग बराच वेळ नुसती कोंबड्यांची कलकल. आणि मग ती तुझं वाक्य बोलते, तुझ्याच चालीत, शाळेत कविता म्हणावी तशी.

माझं नाव घेतलंस तू, विजू. माझ्या जाण्याचं निमित्त करून तिच्यासमोर पदर पसरलास. ती माझ्यासाठी बोलली. इतके दिवस मला हे तिनं सांगितलं नाही, आणि मला वाटायचं ती हट्टी आहे.

ताईसमोर लावायला मी घाबरत होते. तिची परवानगी नसती तर मी ते कुणालाच ऐकवलं नसतं, कारण त्यात ती ते वाक्य बोलते हेही आहेच. डायलिसिस नसलेल्या दिवशी, दुपारी, तिच्या पलंगाशेजारी स्पीकर ठेवला. तुझा आवाज आला तशी ती दचकली. मग पुढे ऐकत गेली. संपल्यावर म्हणाली, "परत लाव." परत लावलं. पुन्हा म्हणाली, "परत."

मग तिनं हात पुढे करून माझा चेहरा चाचपला. "म्हंजे मी आधी खरं बोलले होते."

"हो ताई."

"लोकं बंद करतील, असं बी म्हनले होते मी?"

"हो. तूच म्हणालीस. ऐकलंस ना?"

"मला आठवतच नव्हतं गं. मला वाटायचं, मी नुसती खोटंच बोलले." ती रडली, आणि मी तिला रडू दिलं. नंतर तोंडावर पदर फिरवून म्हणाली, "किती गोड बोलायचा गं. आता हे सगळ्यांना ऐकव. माझं बी ऐकव, त्याचं बी ऐकव. काही कापू नको."

काही कापलं नाही. ताईचा तेवढा भाग चहाच्या कपापासून शेवटच्या शब्दापर्यंत घेतला आणि तुझा आवाज जिथल्या तिथे परत घातला. माझ्या आयुष्यातलं ते सगळ्यात सोपं एडिटिंग होतं.

काल सभा झाली. तुझ्या फोटोला हार, खाली तांब्याची भांडी ओळीनं मांडलेली. अण्णांनी तुला ऋषी केलं. पहिल्या रांगेत ताई माझ्या हाताला धरून बसली होती. लोकांना वाटलं, बाई पाण्यानं बरी झाली म्हणून आभार मानायला आलीय. एकीनं तर वाकून नमस्कार केला. मग दिवे मालवले आणि तुझा आवाज हॉलभर झाला. सुरुवातीला कुणीतरी हुंदका दिला, सरांचा आवाज म्हणून. "ते धरू नका," असं तू म्हणालास आणि तो हुंदका थांबला. सुजाता मान खाली घालून बसली होती, पण उठून गेली नाही. अण्णा उठले, माझ्याकडे येऊन कानाशी म्हणाले, "बंद करा, बंद करा हे." मी म्हणाले, "तुम्हालाच हवा होता ना आवाज?"

मला समाधान झालं, विजू. खोटं कशाला बोलू? तुझ्या घशातलं ते हसू आलं तेव्हा माझे डोळे भरले, तेही खरं. हॉलमध्ये त्या हसण्याचं मला जितकं वाईट वाटलं तितकं दुसऱ्या कुणाला वाटलं नसेल. तरीही एका सेकंदानं मी ते कमी केलं नसतं. तुला माफ केलेलं नाही आणि करायचा विचारही नाही. सुजाता म्हणालीय, जुना सिनेमा जिथे जिथे आहे तिथून काढून हाच ठेवू. ठेवू.

दिवे लागले. अण्णांना माईक सापडेना. तेवढ्यात मागच्या रांगेतून एक बाई उठली. मालेगावची होती, हातात पाण्याची बाटली, पायात चपला नाहीत. थेट ताईसमोर येऊन उकिडवी बसली आणि ताईच्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली, "ताई, तुमचं बघून मी सुई बंद केली. दोन महिने झाले. आता पायाला मुंग्या येत्यात. काय करू?"

ताईनं तिचा हात चाचपून धरला. "उठ बाई. आजच्या आज डॉक्टरकडं जा. मी थांबले, तू थांबू नको."

ती बाई उठली, बाटली तिथेच तुझ्या फोटोखाली ठेवली, आणि दारापाशी जाऊन उभ्या असलेल्या माणसांना विचारायला लागली, इथं जवळ रविवारी उघडा दवाखाना कुठंय.